कानात सांगितलेलं

कुर्र. ओठ सैल सोडून, जीभ टाळूजवळ थरथरवत, अर्ध्या श्वासावर काढलेला हा आवाज. त्यात अर्थ नाही, व्याकरण नाही, आणि ज्या कानासाठी तो काढायचा त्या कानाला बाहेर ढग गडगडला की कोणी फाटक लोटलं, हेसुद्धा अजून वेगळं करता येत नसतं. तरी आपल्याकडे माणसाच्या नावाआधी तो येतो. आधी कुर्र, मग नाव. हा क्रम कोणी लावून दिला कोण जाणे, पण तो मोडलेला मी कधी पाहिला नाही.

काही आठवणी डोळ्यांत राहतात, काही नाकात. ही माझ्या ओठांत राहिली आहे. भावाला मुलगी झाली आणि बारशाला आत्या म्हणून मला पाळण्यापाशी बसवलं, तेव्हा प्रतापनगरात मे महिना अगदी भरात होता. नागपूरचा मे म्हणजे दुपारी बारानंतर रस्त्यावर कुत्रंही दिसत नाही, आणि घराघरांतून कूलरची घरघर मात्र अखंड. आमच्या बैठकीच्या खिडकीतला कूलर बाबांनी लोखंडी पत्र्याचा मुद्दाम करवून घेतलेला, दणकट आणि बडबड्या. त्याच्या तिन्ही बाजूंना वाळ्याच्या ताट्या, त्यांवरून झिरपणारं पाणी, आणि त्या ओल्या गवताचा गार, मातकट वास सगळ्या खोलीत भरलेला. त्या वासात वेखंडाचा वास मिसळला होता, बाळाच्या धुरीतल्या ओव्याचा मिसळला होता, घुगऱ्यांवरच्या ओल्या खोबऱ्याचा मिसळला होता. वीसेक बायका दाटीवाटीनं बसलेल्या. वरवंट्याला कुंची घालून, त्याला आधी पाळण्यात निजवून झालं होतं, गोविंद-गोपाळाचा घोष करत बाळ पाळण्याच्या खालून-वरून या हातातून त्या हातात फिरून झालं होतं. भिंतीवर थर्माकोलची अक्षरं होती आणि त्यांवर जरीचा रुमाल टाकलेला. आता माझी पाळी.

मी वाकले, आणि शेजारच्या काकू मागून ओरडल्या, "अवं, कूलर बंद करा वं कोणी! पोरीचं नाव आयकू येऊन नाही राह्यलं!"

कोणीतरी बटण दाबलं. घरघर उतरत गेली, पंख्याची पाती अजून थोडी फिरली, आणि मग थांबली. त्या दुपारी त्या खोलीत जी शांतता उतरली ती मला अजून नीट सांगता येत नाही. टाकीत पडणारे ताट्यांचे शेवटचे थेंब ऐकू यायला लागले. दोन घरं पलीकडे कोणी तरी भांडं ठेवलं, तेही आलं. गुलमोहरावर कोकीळ मघापासून ओरडत असणार. आम्हाला ती तेव्हा कळली. इतक्या बायका, पण कोणी बांगडीही वाजू दिली नाही. माझ्यासमोर भाचीचा कान होता, वाळत घातलेल्या कुरडईसारखा, हात लागला तर मोडेल असा वाटणारा. त्यावरची लव माझ्या ओठांना लागली. कुर्र. ती चळवळत होती ती थांबली. हनुवटी किंचित वर गेली, मूठ उघडली. मग मी तिला तिचं नाव सांगितलं.

आणि लगेच पाठीत बुक्के बसले. आत्यानं नाव ठेवलं की तिला बुक्के द्यायचे हा बायकांचा हक्क, आणि प्रतापनगरातल्या बायका हक्क सोडणाऱ्या नव्हेत. हसणं उसळलं, रुमाल ओढला गेला, कूलर परत घरघरायला लागला. पण त्या गोंधळात, पाठ चोळत, मला एक गोष्ट जाणवली आणि ती तेव्हापासून मनातून गेली नाही. भिंतीवरची अक्षरं सगळ्यांनी वाचली ती नंतर. मी मोठ्यानं नाव सांगितलं तेही नंतर. आधी ते ज्याचं होतं त्याला सांगितलं गेलं. काही कळत नसलेल्या, बारा दिवसांच्या एवढ्याशा जिवाला, सगळ्या गोताच्या आधी, एकटीला, कानात. केवढा आदर आहे हा! आपल्या लोकांना लहान मुलांशी आदरानं वागायची फारशी सवय नाही. इथे मात्र चुकून आपण वागून जातो.

नंतर मी ज्याला-त्याला विचारत सुटले, तुमच्याकडे काय करतात. मोमिनपुऱ्यातली माझी मैत्रीण म्हणाली, आमच्याकडेही कानच. मूल जन्मलं की उजव्या कानात अजान, डाव्या कानात इकामत, आणि नाव बहुधा सातव्या दिवशी, अकीक्याच्या वेळी. मशिदीच्या भोंग्यावरून सगळ्या वस्तीला ऐकू जाणारी अजान एका कानापुरती हळू कशी म्हणत असतील, याचंच मला कितीतरी वेळ नवल वाटत राहिलं. शिखांकडे गुरू ग्रंथसाहिब उघडतात, समोर येणाऱ्या शबदाचं पहिलं अक्षर घेतात आणि त्यावरून नाव ठेवतात. तेच नाव मुलाला चालतं, मुलीलाही. पुढे सिंग की कौर एवढाच फरक. धंतोलीतल्या बंगाली घरांत माणसाला दोन नावं, एक जगासाठीचं भालो नाम आणि एक घरातल्या हाकेचं डाक नाम, आणि हाकेचं नाव बहुतेकदा असं की त्याचा अर्थ विचारायची सोय नाही. मला ही पद्धत फार आवडते. घराला अर्थाशी काय करायचं आहे?

आमच्याकडे अर्थाच्याही आधी अक्षर येतं. सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, असे १०८ चरण आणि प्रत्येकाला एक अक्षर. अश्विनीला चू, चे, चो, ला. रोहिणीला ओ, वा, वी, वू. हिशेब चोख. पण आर्द्राच्या तिसऱ्या चरणावर जन्मलेल्या बाळाच्या वाट्याला ङ येतो आणि हस्ताच्या तिसऱ्यावर ण. आता ङ वरून नाव ठेवून दाखवावं कोणी! तिथे गुरुजीही हसतात, शेजारच्या चरणात सरकतात, आणि ग्रह-तारे या एवढ्याशा सवलतीला हरकत घेत नाहीत.

पण नावाचं म्हटलं की मला आठवते ती आजी. तिला दोन नावं होती. एक माहेरचं, विदर्भातल्याच एका नदीचं. ते मी इथे लिहीत नाही, तिनं ते फार जपलं होतं. दुसरं सासरचं, एका देवीचं, चार अक्षरी, भारदस्त. ते तिला मिळालं तांदळात. ताम्हणात तांदूळ पसरले, आजोबांनी सोन्याच्या अंगठीनं त्यात अक्षरं ओढली, कोणी तरी मोठ्यानं वाचली, साखर वाटली. आजी मान खाली घालून त्या तांदळांकडे पाहत बसलेली. तिला वाचता येत नव्हतं. तिचं नवं नाव घरात सगळ्यांना तिच्या आधी कळलं, आणि कानात तर तिला कोणीच काही सांगितलं नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी सासूनं त्या नावानं हाक मारली. आजी चुलीपुढे बसून राहिली. पुन्हा हाक. मग सासू दारात येऊन म्हणाली, "बहिरी हाय का वं हे?" आमच्या घरात ही गोष्ट हसण्यासाठी सांगायचे. आजीही हसायची, पदर तोंडाला लावून.

अक्षरओळख झाली त्या वर्षी मी दिसेल ते वाचत सुटले होते. दुकानांच्या पाट्या, काडेपेट्या, कॅलेंडरचे मागचे रकाने. असंच एकदा मोरीत पालथा घातलेला आजीचा पितळी गडवा हातात आला. तिच्या लग्नात माहेरहून आलेला. त्याच्या गळ्याखाली ठिपक्या-ठिपक्यांनी कोरलेली अक्षरं, चिंच आणि राखेनं घासून घासून इतकी पुसट झालेली की उन्हात तिरपी धरावी तेव्हाच दिसावीत. मी मागच्या अंगणात नेऊन, उन्हात धरून, एकेक अक्षर जोडत ते नाव वाचलं. घरात त्या नावाचं कोणी नव्हतं.

"आजी, हे कोण?"

ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "मीच आहो वं थे."

बस्स, एवढंच. मग हात पुढे करून गडवा घेतला, अंगठ्यानं त्या ठिपक्यांवरून एकदा चाचपलं, आणि बाजूला ठेवला. तिला ती अक्षरं वाचता येत नव्हती, पण ती कुठे सुरू होतात आणि कुठे संपतात ते तिच्या अंगठ्याला ठाऊक होतं. पुढे कल्हईवाला आला की सगळी भांडी बाहेर जायची. हा गडवा ती स्वतः घेऊन जायची आणि तिथेच उभी राहायची.

तांदूळ काय, चाळवले की अक्षरं गेली. आमच्यानंतरच्या कितीतरी मुलींनी ते ताम्हण पुढे आलं तेव्हा नाही म्हटलं, किंवा आपलंच नाव लिहायला लावलं. चांगलं केलं.

नाव वरून लादलं जातं तेव्हा त्याला अर्थ असूनही ते कसं जड होतं, हे नागपुरात राहणाऱ्याला वेगळं सांगायला नको. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात ब्राह्मणाचं नाव मंगल असावं आणि शूद्राचं किळस वाटावं असं, इतकं स्पष्ट लिहून ठेवलेलं आहे. तो ग्रंथ २५ डिसेंबर १९२७ रोजी महाडला बाबासाहेबांच्या उपस्थितीत जाळला गेला. त्यानंतर १४ ऑक्टोबर १९५६ ला, अशोक विजयादशमीला, आमच्या प्रतापनगरपासून फार लांब नाही अशा त्या मैदानावर लाखोंनी धम्म स्वीकारला, आणि पुढच्या वर्षांत इथल्या पाळण्यांत काय काय नावं यायला लागली! सिद्धार्थ, गौतम, आनंद, राहुल; सुजाता, संघमित्रा, यशोधरा, प्रज्ञा. धोंड्या, कचऱ्या अशा हाका ऐकत म्हातारे झालेले आजोबा नातवाला सिद्धार्थ म्हणून हाक मारताना आधी थोडे अडखळले असतील का, त्या जोडाक्षरापाशी? मला वाटतं असतील. आणि मग मुद्दाम, गरज नसताना, पुन्हा मारली असेल.

तशी दगडू, धोंडू, केरबा, भिका, उकिर्डा ही नावं सगळ्याच जातींत होती, पण त्यामागचं काळीज निराळं. आधीची दोन-तीन गेलेली असायची. मग नव्या बाळाला असं नाव द्यायचं की मृत्यूनं ऐकावं आणि म्हणावं, हे काय न्यायचं! चीनच्या खेड्यांतूनही पोराला 'कुत्र्यानं टाकलेलं' अशा अर्थाचं नाव ठेवत, ते ह्याच भीतीनं. इतक्या दूरच्या दोन आया, एकमेकींची भाषा न कळणाऱ्या, एकच फसवणूक करत होत्या. अर्थ कुरूप आणि माया अशी की बोलायची सोय नाही. आणि उलट, नकोशी हे नाव. त्यात फसवणूक नाही, जे म्हणायचं तेच म्हटलेलं. २०११ च्या ऑक्टोबरात सातारा जिल्ह्यात अशा अडीचशेहून अधिक मुलींना नवी नावं देण्याचा समारंभ झाला, आणि अनेकींनी आपलं नाव आपणच निवडलं. त्या वयात नाव निवडणं म्हणजे काय, मला कल्पना करता येत नाही. जन्मापासून मारली जाणारी हाक एका दुपारी बंद पडते. दुसऱ्या दिवशी शाळेत हजेरी घेताना नवं नाव ऐकून पटकन 'हजर' म्हणता आलं असेल?

नावांना वारही चालतो. आमच्या या शहराच्या वस्त्याच इतवारी, मंगळवारी, बुधवारी. बाजाराचा दिवस वस्तीला चिकटला आणि राहिला. गोंदिया, गडचिरोलीकडून येणाऱ्या माणसांत इतवारी, मंगरू, बुधराम असायचे, ज्या दिवशी जन्म त्या दिवसाचं नाव, कटकट नाही. मग कधीतरी वाचलं की घानातल्या अकान लोकांत हीच रीत: शुक्रवारचा कोफी, शनिवारचा क्वामे, रविवारचा क्वासी. संयुक्त राष्ट्रांचे कोफी अन्नान म्हणजे आपल्याकडचे शुक्रवारचे कोणी. तेव्हापासून क्वासी नावाचा माणूस मला आपला इतवारीचाच वाटतो.

आणि प्रवास तर माणसांपेक्षा नावंच लांबचे करतात. सुनील गावस्करांनी मुलाचं नाव रोहन ठेवलं ते वेस्ट इंडीजच्या रोहन कन्हाय यांच्यावरून. सोबत जयसिंहा आणि विश्वनाथ यांना एका शब्दात गुंफून जयविश्व. हे कन्हाय गयानाचे, तिथे उसाच्या मळ्यांवर मजुरीला नेलेल्या हिंदुस्थानी माणसांच्या वंशातले. म्हणजे बोटीतून समुद्रापार गेलेलं आपलं जुनं नाव क्रिकेटची बॅट घेऊन परत मुंबईत उतरलं. पुढे शाळांच्या पटांवर रोहन वाढत गेले, त्यात त्या फटक्यांचा किती वाटा होता कोणी मोजलेलं नाही, पण आमच्या भावाला विचाराल तर तो सगळाच म्हणेल. खुद्द गावस्कर जन्मले तेव्हा इस्पितळात बाळांची अदलाबदल झाली होती. त्यांच्या काकांनी आधी बाळाच्या कानापाशी एक बारीक छिद्र पाहून ठेवलेलं, दुसऱ्यांदा गेले तर ते नाही. शोधाशोध झाली आणि बाळ एका कोळिणीच्या शेजारी सापडलं. नाव नव्हतं, तेव्हा ओळख होती कानाची.

आता माझी ती भाची बाळंतपणासाठी माहेरी आली आहे, प्रतापनगरच्याच घरी. कूलर बदलला, आता तो प्लास्टिकचा आहे आणि बराच सभ्य आहे. वाळ्याच्या ताट्या मात्र तिनं आग्रहानं लावायला लावल्या. दिवसभर मोबाइलवर नावं पाहते, प्रत्येकापुढे अर्थ दिलेला: तेजस्वी, अद्वितीय, विजयी. जगातली सगळीच मुलं अद्वितीय आणि विजयी निघणार असतील तर हरायला कोणी उरणार नाही, असं मी म्हणते, ती माझ्याकडे पाहतही नाही. तिला एका गोष्टीचा मात्र आनंद आहे. १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या नावात राज्य सरकारनं आईचं नाव घातलं आहे: आधी बाळाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. लग्नात तिनं तांदळाचं ताम्हण परत पाठवलं होतं, त्यामुळे दुसऱ्या जागी जे नाव येईल ते मीच तिला सांगितलेलं. मी हे तिला बोलून दाखवलं नाही. आत्यानं फार मिरवू नये.

तिचा नवरा वर्ध्याहून दर शनिवारी येतो, आणि आल्या-आल्या यादीवरून दोघांची जुंपते. त्याला जोडाक्षर हवं, तिला नको. त्याला पुराणातलं हवं, तिला नवं. मी एवढंच म्हणते की अर्थ काहीही असू दे, हाक लांब जायला हवी. शेवटी कोपऱ्यापर्यंत खेळायला गेलेल्या पोराला दिवेलागणीला घरी आणायचं असतं, तेव्हा पुस्तक उपयोगी पडत नाही. शेवटचा स्वर ओढता आला पाहिजे. जुन्या शास्त्रकारांनीही मुलींचं नाव दीर्घ स्वरानं संपावं असं म्हटलंय; त्यांच्या बाकीच्या मतांशी माझं भांडण आहे, हे एक मी ठेवून घेते.

भाचीला हे पटलं असावं. परवा संध्याकाळी, ऊन उतरल्यावर, ती जिना सावकाश चढून गच्चीवर गेली, एक हात कमरेवर, दुसऱ्या हातात मोबाइल, आणि कठड्याशी उभी राहून एकेक नाव मोठ्यानं मारून पाहायला लागली. समोरच्या घरातल्या काकू बाहेर आल्या, बघून आत गेल्या, आणि मग खुर्ची घेऊनच परत आल्या. दोन नावं हवेतच विरली. एकात तिचा श्वास मध्येच संपला. मग तिनं मारली, "अर्णऽऽऽव!"

खाली सायकलवरून जाणारा एक पोरगा ब्रेक लावून थांबला, वर पाहिलं आणि म्हणाला, "काय काकू?"

काकू ऐकून ती जास्त दुखावली की नाव आधीच गेलेलं पाहून, ते कळलं नाही. तिनं ते यादीतून काढलं आणि पुढचं घेतलं.